न्यूजरूममधून इतिहासाच्या माहितीपटाकडे : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी अकरा वर्षं मराठी वृत्तवाहिनीत प्रोड्यूसर होते. आता ऐतिहासिक घटनांवरचे माहितीपट करते. कॉलेजांतली मुलं, जिल्ह्यांतले स्ट्रिंगर (बातमीमागे पैसे घेणारे वार्ताहर) आणि नोकरीला कंटाळलेले जुने सहकारी जे प्रश्न पुन्हा पुन्हा पाठवतात, ते इथे एकत्र केले आहेत. एका उत्तरातली गोष्ट दुसऱ्यात लागली तर तिथला प्रश्नक्रमांक दिला आहे, म्हणजे तेच दळण दोनदा नको.

१. न्यूज प्रोड्यूसर नेमकं काय करतो? पडद्यावर तर कधीच दिसत नाही.

अँकर बोलतो, रिपोर्टर ऊन-पावसात उभा राहतो, कॅमेरामन दृश्य आणतो. यातलं काय, किती आणि कोणत्या क्रमाने दिसेल हे प्रोड्यूसर ठरवतो. रनडाऊन, म्हणजे बातम्यांचा क्रम, लावणं, पॅकेज (एका बातमीचा तयार व्हिडिओ) दीड मिनिटाचं की दोन मिनिटांचं हे बघणं, बाईट (मुलाखतीतला बोलण्याचा तुकडा) कुठे कापायचा ते एडिटरला सांगणं, ग्राफिक्सचे आकडे तपासणं आणि बुलेटिन सुरू असताना पीसीआरमधून (नियंत्रण कक्षातून) अँकरच्या कानात ओरडणं, ही सगळी त्याची कामं. शेवटच्या मिनिटाला अर्धं बुलेटिन मोडून नवं लावणं हेही त्यातच आलं. काही चुकलं तर शिव्या त्यालाच. चांगलं झालं तर अभिनंदनाचा मेसेज अँकरला.

२. ताई, इतिहासात एम.ए. करू की पत्रकारितेचा डिप्लोमा?

जे आवडतं ते करा. दोन्ही पदव्या ज्या गोष्टी शिकवत नाहीत त्या मात्र वेगळ्या शिकून घ्या: एडिटिंग सॉफ्टवेअर स्वतः चालवता येणं आणि एका जुन्या लिपीची ओळख. महाराष्ट्राच्या एकोणिसाव्या शतकापर्यंतच्या इतिहासात हात घालायचा असेल तर मोडी आलीच पाहिजे. तज्ज्ञांइतकी सफाई नसली तरी चालेल. समोरच्या कागदावर तारीख कुठे आणि शिक्का कुठे एवढं कळलं, तरी तुम्ही कॅमेरा योग्य ओळीवर नेता. नाहीतर कागद सुंदर दिसतो आणि निवेदन भलत्याच ओळीवर चालू असतं. वाचता येणारा प्रेक्षक घरबसल्या हसतो.

३. न्यूजरूममधल्या कोणत्या सवयी कामाला येतात आणि कोणत्या नडतात?

कामाला येणारी पहिली सवय म्हणजे डेडलाइन. इतिहासाच्या अभ्यासाला शेवट नसतो, माहितीपटाला मात्र प्रक्षेपणाची तारीख असते. दुसरी, फोन उचलून अनोळखी माणसाशी बोलायला न लाजणं. तिसरी, एका माणसाच्या सांगण्यावर बातमी न लावणं.

नडणाऱ्या सवयींची यादी मोठी आहे, पण मला सगळ्यात जास्त नडली ती 'बसणारा बाईट' शोधण्याची सवय. बातमीत वीस मिनिटांच्या मुलाखतीतून बारा सेकंद काढायचे असतात. ते बारा सेकंद आपल्या वाक्याला पुढे नेणारे हवेत, एवढंच कान ऐकत असतो. माहितीपटाला आले तेव्हाही मी तशीच ऐकत होते. एक आजी सांगत होत्या, मी मनात कात्री चालवत होते. घरी येऊन सगळं पुन्हा ऐकलं, तेव्हा कळलं की कामाची गोष्ट त्यांनी मी मान हलवून पुढचा प्रश्न विचारला त्याच्या आदल्या क्षणी सुरू केली होती आणि माझ्या घाईमुळे गिळून टाकली होती. पुन्हा गेले. तेव्हा त्या म्हणाल्या, "काय सांगत होते ते आता आठवत नाही बघ."

दुसरी नडणारी सवय फाइल शॉटची, म्हणजे लायब्ररीतलं जुनं दृश्य नव्या कार्यक्रमात लावण्याची. तिच्याबद्दल प्रश्न १७ मध्ये.

४. पहिल्या माहितीपटासाठी विषय कसा निवडावा? शिवाजी महाराजांवर केलं तर चालेल का?

चालेल, पण पहिलाच नको. फार मोठ्या विषयात तुमच्याआधी शेकडो जण चालून गेलेले असतात आणि प्रत्येक वाक्याला तीन पक्ष असतात. एक दिवस, एक जागा आणि कागद सापडण्याची शक्यता असलेली घटना घ्या.

मी शिकवताना मुंबई गोदीतल्या स्फोटाचं उदाहरण देते. १४ एप्रिल १९४४, व्हिक्टोरिया डॉक. 'फोर्ट स्टिकीन' नावाचं मालवाहू जहाज दोन दिवसांपूर्वी कराचीहून आलेलं. पोटात सुमारे चौदाशे टन स्फोटकं, त्यांच्याच सोबतीला कापसाच्या गाठी, आणि सोन्याच्या विटाही. दुपारी आग लागली, चारनंतर एकामागून एक दोन प्रचंड स्फोट झाले. त्यांचा हादरा सिमल्याच्या भूकंपमापकावर उमटला. गोदीभोवतीची वस्ती होत्याची नव्हती झाली. अग्निशमन दलाचे ६६ जवान गेले. म्हणूनच १४ एप्रिल हा देशभर अग्निशमन सेवा दिन पाळतात आणि भायखळ्याला दलाच्या मुख्यालयापाशी त्यांचं स्मारक आहे. मुंबईत त्या दिवशी डॉ. आंबेडकरांच्या जयंतीची गर्दी असते, त्यामुळे वाहिन्यांवर या स्फोटाला जेमतेम चाळीस सेकंद मिळतात.

एक दिवस, एक जागा, जहाजाची कागदपत्रं आणि चौकशीचे अहवाल. शिवाय सोन्याच्या विटा, म्हणजे प्रेक्षक थांबणार. पण सावध राहा: विटेची गोष्ट इतकी गोड आहे की ती सगळा माहितीपट खाऊन टाकते. एक वीट उडून जवळपास मैलभर दूर एका पारशी गृहस्थाच्या घरात पडली, ही कथा सगळ्यांना पाठ असते. त्या वस्तीतून बेघर झालेल्या हजारो माणसांपैकी एकाचंही नाव कुणाला सांगता येत नाही.

५. मृतांचे आकडे प्रत्येक ठिकाणी वेगळे दिसतात. कोणता घेऊ?

एकच घेण्याचा हट्ट सोडा. बातमीत पट्टीवर एक आकडा लागतो, म्हणून आपल्याला वाटतं की खरा आकडा कुठेतरी आहे आणि बाकीचे चुकीचे आहेत. बहुतेक वेळा प्रत्येक आकडा वेगळ्या माणसांना मोजत असतो.

गोदीचंच बघा. गोदी आणि तिथल्या सेवांतले २३१ जण गेले, त्यात अग्निशमन दलाचे ६६. सामान्य नागरिक ५०० च्या वर. काही अंदाज एकूण १,३०० पर्यंत जातात. आता हा २३१ इतका नेमका कसा आणि पुढचा 'पाचशेच्या वर' असा ढोबळ का? माझं उत्तर: पहिल्यांची नावं हजेरीपटावर होती. रोजंदारीवर ओझी वाहणारा, गोदामाच्या आडोशाला झोपणारा, कालच गावाहून आलेला माणूस कुठल्याच पटावर नव्हता. तो मेला तेव्हा त्याला वजा करायला कुठलीच यादी नव्हती. हे माहितीपटात सांगा. निव्वळ आकड्यापेक्षा ते जास्त सांगून जातं.

किल्लारीच्या भूकंपाचंही तेच. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटं. कुठे ७,९२८ लिहिलेलं सापडतं, कुठे ९,७४८. अशा वेळी निवेदनात आकड्याला मालक द्या: हा अमक्या अहवालातला, हा तमक्याचा. "सुमारे दहा हजार" असं म्हणून मोकळं होता येतं, पण मग प्रत्येक आकडा गोल करायची सवय लागते.

६. जुनं फुटेज मिळतं कुठे?

आधी कॅलेंडर समजून घ्या, म्हणजे नसलेलं फुटेज शोधण्यात वर्ष जाणार नाही. दूरदर्शनचं मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. मराठी खासगी वृत्तवाहिन्या २००७ पासून. म्हणजे १९७२ पूर्वीच्या महाराष्ट्रातल्या कुठल्याही घटनेचं 'टीव्ही फुटेज' मागू नका. जे काही असेल ते फिल्मवर असेल. १२ जुलै १९६१ चा पानशेतचा पूर असो की ११ डिसेंबर १९६७ चा कोयनेचा भूकंप, तिथे न्यूजरील (चित्रपटगृहांत दाखवले जाणारे बातमीपट), वर्तमानपत्रांचे छायाचित्रकार आणि गावातला फोटो स्टुडिओ हेच आधार. पुण्याच्या पेठांतून फिरा. पुराचं पाणी घरात कुठवर आलं होतं याची खूण दाखवणारे लोक अजून भेटतात, आणि कपाटातून फोटोही निघतात.

न्यूजरीलसाठी फिल्म्स डिव्हिजनचा संग्रह पाहा. ही संस्था १९४८ ची. तिच्याआधीचा सरकारी न्यूजरील विभाग युद्ध संपल्यावर १९४६ मध्ये गुंडाळला गेला होता. त्यामुळे १५ ऑगस्ट १९४७ ला, म्हणजे देशाच्या सगळ्यात मोठ्या बातमीच्या दिवशी, सरकारकडे स्वतःचं न्यूजरील युनिटच नव्हतं. आपण पाहतो ती दृश्यं खासगी आणि परदेशी कॅमेऱ्यांची. पुण्याचं राष्ट्रीय फिल्म संग्रहालय १९६४ चं. आता या दोन्ही संस्था एनएफडीसीच्या, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या, छत्राखाली आहेत.

जाता जाता: भारतातलं पहिलं वार्ताचित्र ज्याला म्हणतात, ते मराठी माणसाने मराठी माणसाचंच काढलं. केंब्रिजमध्ये सीनिअर रँग्लर, म्हणजे गणिताच्या परीक्षेत पहिले, आलेले र. पु. परांजपे १९०१ मध्ये मुंबईत उतरले, तेव्हाचं स्वागत सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी चित्रित केलं. ते आज पाहायला मिळत नाही. पहिल्या बातमीपासूनच आपली ही गत.

७. घटना १८५७ च्याही आधीची असेल तर? दाखवायचं काय?

कागद, जागा आणि आवाज. पुण्यातलं पेशवे दफ्तर आणि इतिहासकार वि. का. राजवाड्यांनी १९१० मध्ये स्थापन केलेलं भारत इतिहास संशोधक मंडळ इथे रुमालांत बांधलेला इतिहास आहे. कागद उलगडतानाचा आवाजसुद्धा रेकॉर्ड करा, निवेदनाखाली फार सुरेख लागतो. गडांवर चित्रीकरणाची परवानगी आधी काढा. रायगड, शिवनेरी केंद्रीय पुरातत्त्व खात्याकडे आहेत, काही गड राज्याच्या खात्याकडे. कोणता कुणाकडे हे न पाहता चुकीच्या टेबलावर अर्ज दिला की महिना गेलाच म्हणून समजा. ड्रोनचे नियम वेगळे. खात्याची परवानगी मिळाली म्हणजे ड्रोनची मिळाली असं होत नाही.

नाट्यरूपांतर करायचं असेल तर करा, पण पडद्यावर तसं लिहा आणि चेहरे शक्यतो टाळा. घोड्याची टाप, मशाल, शाई वाळवायला वाळू टाकणारा हात, एवढं पुरतं. भाड्याचे जिरेटोप एकदा फ्रेममध्ये आले की शाळेचं स्नेहसंमेलन होतं.

८. जुनी वर्तमानपत्रं चाळली की काम झालं, नाही का?

सुरुवात झाली. मुंबईत एशियाटिक सोसायटीचं ग्रंथालय, दादरचं मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय, पुण्यात केसरीवाड्यातलं ग्रंथालय ही जायची ठिकाणं. सरकारी कागदांसाठी काळा घोड्याला एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीतलं राज्य पुराभिलेखागार.

पण वर्तमानपत्राची शांतताही वाचायला शिका. गोदीच्या स्फोटाची तपशीलवार बातमी जगाला आधी दिली ती दुसऱ्या दिवशी, १५ एप्रिलला, जपानी ताब्यातल्या सायगाव रेडिओने. युद्धकाळातल्या सेन्सॉरने वार्ताहरांना बातम्या बाहेर पाठवू दिल्या त्या मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात. सुधीश घटक या कॅमेरामनने घेतलेलं चित्रण लष्करी अधिकाऱ्यांनी जप्त केलं होतं. त्याचे काही भाग पुढे न्यूजरीलमध्ये दिसले. तेव्हा "त्या आठवड्याच्या अंकांत फारसं काही नाही, म्हणजे घटना फार मोठी नव्हती" असा निष्कर्ष काढणाऱ्याने आधी त्या अंकावर कुणाची कात्री चालली होती ते शोधावं. आणीबाणीच्या काळावर काम करणाऱ्यांनी हे उत्तर दोनदा वाचावं.

९. साक्षीदार नव्वदीच्या पुढे आहेत. मुलाखत कशी घ्यायची?

लवकर. हे क्रूर वाटेल, पण या कामात 'दिवाळीनंतर करू' असं म्हणून मी दोन माणसं गमावली आहेत.

सकाळी दहाच्या सुमाराला जा, जेवणानंतर नको. पहिल्या भेटीत कॅमेरा नेऊ नका. चहा घ्या, घरातल्या सुनेशी किंवा नातवाशी ओळख करून घ्या, कारण दिवसातून गोळ्या कधी आणि झोप कधी हे त्यांनाच ठाऊक असतं. कमी दिसत असेल तर दिवे लावण्याआधी त्यांना सांगा. अंधूक दृष्टीच्या माणसाच्या तोंडावर एकदम एलईडी पेटवला की माणूस दचकतो आणि मग तासभर सावरत नाही. पंखा बंद करावा लागतो, म्हणून उन्हाळा टाळा. विदर्भात तर टाळाच.

प्रश्न मोठे नकोत. "त्या दिवसाबद्दल सांगा" म्हटलं की लोक वर्तमानपत्रात वाचलेलं सांगतात. "त्या दिवशी घरात काय शिजलं होतं?" म्हटलं की ते त्या घरात जाऊन उभे राहतात. किल्लारीच्या भागात विसर्जनाच्या रात्रीपासून सुरुवात करा, भूकंपापासून नको. लोक विसर्जन करून दमून झोपले होते, हे प्रत्येकाच्या आठवणीचं दार आहे.

आणि जिथे कुणी रडेल तिथे कॅमेरा झूम करू नका. ही न्यूजरूमची सवय. हात आपोआप झूमकडे जातो. मी कॅमेरामनला आधीच सांगून ठेवते: अशा वेळी फ्रेम हलवायची नाही, आणि बंद करा म्हटलं की खरंच बंद करायचं.

१०. आजोबांनी सांगितलेली तारीख चुकीची निघाली. मुलाखत फेकून द्यायची?

नाही. माणूस तारखेत चुकतो, सणात सहसा चुकत नाही. इंग्रजी तारखेऐवजी "नवरात्र होतं", "पेरण्या झाल्या होत्या", "धाकट्याचं बारसं झालं नव्हतं" असं विचारा, मग पंचांग काढून जुळवा. एवढं करूनही चुकत असेल तर दोन रस्ते आहेत: तेवढा भाग वगळा, किंवा ठेवा आणि लगेच कागद काय म्हणतो ते निवेदनात सांगा. दुसरा मला आवडतो, फक्त आजोबा खोटे पडल्यासारखे दिसता कामा नयेत. त्यांना प्रक्षेपणाआधी फोन करून सांगा. तारीख मात्र त्यांच्या तोंडून पुन्हा 'बरोबर' वदवून घेऊ नका.

११. यूट्यूबवर पडलेलं जुनं फुटेज वापरलं तर काय होतं?

कधी काहीच होत नाही, कधी नोटीस येते, आणि ती बहुतेक प्रक्षेपणाच्या आदल्या आठवड्यात येते. यूट्यूबवर टाकणारा क्वचितच मालक असतो.

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाला (न्यूजरील आणि माहितीपटही त्यातच) प्रकाशनानंतरच्या कॅलेंडर वर्षापासून ६० वर्षं संरक्षण असतं. छायाचित्रांचं २०१२ च्या दुरुस्तीने बदललं: आता छायाचित्रकाराची हयात आणि पुढे ६० वर्षं. खूप जुन्या फोटोंना जुन्या कायद्याचे हिशोब लागतात, तिथे वकिलाला विचारा. मुदत संपली तरी संग्रहालय प्रत देण्याचे पैसे घेतंच. ते कॉपीराइटचे नसून स्कॅनिंगचे आणि परवान्याचे असतात. त्यावर भांडण्यात अर्थ नाही.

न्यूजवाल्यांची एक गैरसमजूत इथेच मोडते. "चॅनलवर आम्ही हे बिनधास्त वापरायचो." बरोबर आहे, कारण कलम ५२ मध्ये चालू घडामोडींच्या वार्तांकनासाठी सवलत आहे. पंचवीस वर्षांपूर्वीच्या घटनेवरचा तासाभराचा माहितीपट म्हणजे चालू घडामोड हे कोर्टाला पटवणं कठीण आहे. समीक्षेची सवलत आहे, पण मग त्या दृश्यावर खरोखर काही बोलावं लागतं. नुसतं निवेदनाखाली पसरून चालत नाही.

१२. पण ते फुटेज मीच शूट केलं होतं, नोकरीत असताना. ते तर माझं ना?

भावनेने तुमचं, कायद्याने मालकाचं. नोकरीचा भाग म्हणून केलेल्या कामाचा पहिला मालक, वेगळा करार नसेल तर, नोकरी देणारा असतो. हार्ड डिस्क घरी आहे म्हणून हक्क येत नाही. वाहिनी सोडताना लेखी परवानगी मागा. त्या दिवशी सगळे हळवे असतात, तेव्हाच मिळण्याची शक्यता जास्त.

१३. ज्यांच्यावर माहितीपट आहे त्या व्यक्तीचं निधन झालं आहे. मृतांची बदनामी होत नाही म्हणतात, खरं का?

अर्धवट खरं. फौजदारी कायद्यात, पूर्वी भारतीय दंड विधानात आणि आता भारतीय न्याय संहितेत, स्पष्टीकरण आहे: जिवंत असता तर बदनामी झाली असती असा आरोप मृतावर केला आणि हेतू कुटुंबाला दुखावण्याचा असेल, तर तोही गुन्हा ठरू शकतो. सत्य आणि सार्वजनिक हित हा बचाव आहे, म्हणून प्रत्येक वाक्याचा कागद फाइलमध्ये ठेवा.

कायद्यापलीकडे एक साधी गोष्ट: कुटुंबाला दाखवण्याआधी प्रक्षेपित करू नका. मात्र दाखवणं म्हणजे मंजुरी घेणं नव्हे. हा फरक पहिल्याच भेटीत चहाच्या आधी सांगा. चहानंतर सांगितला तर विश्वासघात वाटतो.

१४. एआयने जुने फोटो रंगीत करून, हलते करून वापरू का? क्लायंट मागतोय.

मी नाही म्हणते. १९४४ च्या फोटोतल्या हमालाच्या मुंडाशाचा रंग मशीनला माहीत नाही, मलाही नाही. त्याने लाल दिला की पुढच्या दहा वर्षांत तो लाल हाच पुरावा होतो, कारण लोक माहितीपटाची चित्रं कापून पुढे पाठवतात. ओरखडे काढणं, उजेड दुरुस्त करणं ठीक. मेलेल्या माणसाचे डोळे मिचकावणं नको. क्लायंट ऐकतच नसेल तर संपूर्ण वेळ, कोपऱ्यात, वाचता येईल एवढ्या अक्षरांत 'कृत्रिम दृश्य' असं लिहा. शेवटच्या श्रेयनामावलीत लिहून काही उपयोग नाही. ती कुणीच पाहत नाही, आमच्या आईशिवाय.

१५. यात पैसा आहे का?

नोकरीएवढा नियमित नाही. बहुतेक जण जाहिरातपट, संस्थांचे व्हिडिओ किंवा शिकवणं यावर घर चालवतात आणि मधल्या वेळेत माहितीपट करतात. मीही तेच करते. बजेट मांडताना नवखे लोक कॅमेऱ्यावर खर्च दाखवतात आणि संग्रहातल्या फुटेजच्या परवान्याला विसरतात. तो परवाना बहुधा सेकंदांच्या हिशोबाने असतो. टीव्हीसाठी, ओटीटीसाठी आणि परदेशासाठी वेगवेगळा आकारतात. म्हणून एडिट लॉक होण्याआधी सेकंद मोजा.

सर्टिफिकेटचंही इथेच सांगते: चित्रपटगृहात दाखवायचा असेल तर सेन्सॉर बोर्डाचं प्रमाणपत्र लागतं. ओटीटीला स्वतःचं वर्गीकरण चालतं.

१६. बातम्यांतून येऊन जगात कुणी हे मोठ्या प्रमाणावर केलं आहे का?

जेरेमी आयझॅक्स. ब्रिटनमधल्या चालू घडामोडींच्या कार्यक्रमांतून घडलेला माणूस. थेम्स टेलिव्हिजनसाठी त्याने दुसऱ्या महायुद्धावर 'द वर्ल्ड अ‍ॅट वॉर' ही २६ भागांची मालिका केली. तयारीला चार वर्षं लागली, प्रक्षेपण १९७३-७४ मध्ये झालं. त्यातली मला सगळ्यात शिकवून गेलेली गोष्ट म्हणजे मुलाखतींची निवड. मोठ्या सेनापतींवर भिस्त न ठेवता त्यांच्याजवळ काम करणारे सहायक, साधे सैनिक आणि घरातली माणसं यांना बोलतं केलं. सेनापती आपलं आत्मचरित्र पाठ म्हणतो. फाइल घेऊन दाराबाहेर उभा असलेला माणूस दार किती वेळ बंद होतं ते सांगतो. आपल्याकडेही मंत्र्यांपेक्षा त्यांच्या स्वीय सहायकाला आणि ड्रायव्हरला शोधा.

१७. मी अजून चॅनलमध्येच आहे, सोडता येणार नाही. आत्ता काय करू?

ही मेल सगळ्यात जास्त येते आणि माझं उत्तर ऐकून लोक नाराज होतात: तुम्ही आज रात्री जे फुटेज इंजेस्ट करता, म्हणजे सर्व्हरवर चढवता, त्याला नीट नाव द्या.

आमच्या वाहिनीने २६ जुलैच्या प्रलयावर एक विशेष कार्यक्रम केला होता. २००५ सालचा तो दिवस, सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस. प्रोड्यूसर मी. लायब्ररीत 'मुंबई पाऊस फाइल' नावाच्या फोल्डरमधून कंबरभर पाण्यातल्या बसचं एक जबरदस्त दृश्य मिळालं. लावलं. दुसऱ्या दिवशी एका प्रेक्षकाने फोन करून सांगितलं, "मॅडम, बसवर ज्या सिनेमाची जाहिरात आहे तो सिनेमा दोन हजार पाचमध्ये आलाच नव्हता." त्यांचं बरोबर होतं. दृश्य नंतरच्या कुठल्यातरी पावसाळ्यातलं होतं. नेमकं कोणत्या, ते आजही माहीत नाही, कारण शूट करणाऱ्याने तारीख लिहिली नव्हती आणि लायब्ररीत घेणाऱ्याने विचारली नव्हती. त्या फोल्डरमध्ये अशी आणखी किती असतील? खऱ्या २६ जुलैचं फुटेजही त्यातच होतं. ते आता कुणालाही खात्रीने ओळखता येणार नाही. पुसलं गेल्यासारखंच ते.

प्रश्न ५ मधल्या हजेरीपटासारखंच हे आहे. ज्याच्यावर नाव नाही ते मोजता येत नाही.

म्हणून प्रत्येक क्लिपला एवढं लिहा: तारीख, वेळ, गाव आणि गावातली नेमकी जागा, शूट करणाऱ्याचं नाव, बोलणाऱ्याचं पूर्ण नाव आणि वय, आणि काय प्रक्षेपित झालं, काय नाही. 'शेतकरी बाईट' असं लिहू नका. त्या शेतकऱ्याला नाव आहे. 'फायनल', 'फायनल न्यू', 'फायनल न्यू २' ही नावं नव्हेत. कच्चं फुटेज काढून फक्त पॅकेज ठेवायचा आदेश वरून आला, तर निदान लांबलचक मुलाखती तरी वाचवण्यासाठी भांडा. सर्व्हरवर जागा नाही म्हणतील. डिस्क किती रुपयांना येते ते विचारून जा, म्हणजे वाद लवकर मिटतो.

आणि एक वही ठेवा, कागदाची. सर्व्हर बदलतात, सॉफ्टवेअर बदलतं, वाहिनीचं नावही बदलतं. माझ्या २००९ च्या वहीत एका मुलाखतीपुढे लिहिलं आहे: "टेप १४, मिनिट २२, चाळीतला जिना, आजी गप्प. कापू नये." टेप सापडली नाही अजून. शोधते आहे.